बडतर्फीनंतरचे अपील : उपचार नव्हे, न्यायाची पायरी

शासकीय सेवेतून बडतर्फ केल्याचा आदेश बहुधा एका पानाचा असतो. परंतु ज्याच्या हाती तो पडतो त्याच्या संसाराची घडी त्या एका पानाने विस्कटून जाते. वेतन थांबते. पंधरा-वीस वर्षे केलेली सेवा निवृत्तिवेतनाच्या हिशेबातून वजा होते. पुन्हा शासकीय नोकरी मिळण्याचा मार्ग सामान्यतः कायमचा बंद होतो. मुलांचे शिक्षण, घराचे कर्ज, वृद्ध आईवडिलांचे औषधपाणी या साऱ्यांवर त्याची छाया पडते आणि चारचौघांत मान खाली घालण्याची वेळ येते, ती वेगळीच. फौजदारी न्यायालयाच्या शिक्षेखालोखाल माणसाच्या जीवनावर इतका दूरगामी परिणाम करणारा दुसरा शासकीय आदेश क्वचितच आढळेल.

या प्रश्नाला दुसरीही बाजू आहे. लोकांच्या पैशावर चालणाऱ्या कार्यालयात लाचखोर, अपहार करणाऱ्या किंवा कर्तव्यात कसूर करणाऱ्या कर्मचाऱ्यास ठेवून घेणे हा जनतेवर अन्याय होय. अशा कर्मचाऱ्यास दूर करण्याचा अधिकार प्रशासनाच्या हाती असलाच पाहिजे. प्रश्न अधिकाराचा नाही, तो अधिकार वापरण्याच्या पद्धतीचा आहे. दोषी सुटू नये आणि निर्दोष भरडला जाऊ नये या दोन्ही गोष्टी साधावयाच्या, तर शिक्षेच्या आदेशाचा एकदा पुन्हा, निराळ्या आणि वरिष्ठ नजरेने विचार होणे अगत्याचे ठरते. अपिलाची तरतूद याचसाठी आहे. तिचे मोल किती आणि ती न्याय्य केव्हा ठरते, हे कर्मचाऱ्यांनी आणि अपिलावर निर्णय देणाऱ्या अधिकाऱ्यांनीही समजून घेतले पाहिजे.

मर्जीकडून हक्काकडे

शासकीय नोकर हा राजाच्या मर्जीने सेवेत असतो, हे तत्त्व इंग्रजी कायद्यातून आपल्याकडे आले. राजाची मर्जी संपली की सेवा संपली. कारण विचारण्याचा अधिकार नोकराला नाही, असा त्याचा मूळ अर्थ. १९१९ च्या भारत सरकार कायद्यात या मर्जीला नियमांची चौकट घालण्यात आली. तथापि ते नियम मोडले गेले तर काय, या प्रश्नावर प्रिव्ही कौन्सिलने १९३७ साली आर. वेंकटराव यांच्या प्रकरणात दिलेले उत्तर निराशाजनक होते. नियमांचे पालन झाले नाही एवढ्याच कारणावरून नोकराला दिवाणी दावा आणता येणार नाही, त्याने वरिष्ठांकडेच दाद मागावी, असा त्या निर्णयाचा आशय होता. १९३५ च्या कायद्याने मात्र प्रस्तावित कारवाईविरुद्ध कारण दाखविण्याची वाजवी संधी दिल्याविना बडतर्फी करता येणार नाही, अशी स्पष्ट तरतूद केली.

स्वतंत्र भारताच्या संविधानाने ही दोन्ही सूत्रे एकत्र आणली. अनुच्छेद ३१० मध्ये मर्जीचे तत्त्व कायम ठेवण्यात आले. परंतु अनुच्छेद ३११ ने त्याला दोन भक्कम बांध घातले. पहिला बांध असा की, नियुक्ती करणाऱ्या प्राधिकाऱ्याहून दुय्यम दर्जाच्या प्राधिकाऱ्यास नागरी सेवेतील कर्मचाऱ्याला बडतर्फ करता येत नाही अथवा सेवेतून काढून टाकता येत नाही. दुसरा बांध असा की, दोषारोप कळवून, चौकशी करून आणि त्या आरोपांबाबत आपले म्हणणे मांडण्याची वाजवी संधी देऊनच बडतर्फी, सेवेतून काढून टाकणे किंवा पदावनती या शिक्षा देता येतात.

'वाजवी संधी' म्हणजे काय, याचा उलगडा सर्वोच्च न्यायालयाने १९५७ साली खेमचंद प्रकरणात केला. आरोप नाकारून आपले निर्दोषत्व सिद्ध करण्याची संधी, साक्षीदारांची उलटतपासणी घेऊन व स्वतःचा पुरावा देऊन बचाव करण्याची संधी आणि शेवटी प्रस्तावित शिक्षा का देऊ नये हे सांगण्याची संधी, अशी तिची तीन अंगे न्यायालयाने सांगितली.

हिरावलेली संधी आणि अपिलाचे वाढलेले महत्त्व

या तीन अंगांपैकी तिसऱ्याचा इतिहास विशेष लक्षात घेण्याजोगा आहे. १९६३ च्या पंधराव्या घटनादुरुस्तीने अनुच्छेद ३११ मध्ये चौकशी आणि शिक्षा अशा दोन टप्प्यांवरील संधीचा निराळा उल्लेख केला. परंतु १९७६ च्या बेचाळिसाव्या घटनादुरुस्तीने शिक्षेच्या टप्प्यावरील संधी काढून टाकली. आरोप सिद्ध झाल्यावर चौकशीतील पुराव्याच्या आधारे शिक्षा देता येईल, त्या शिक्षेविरुद्ध निवेदन करण्याची वेगळी संधी देण्याची गरज नाही, असे तेव्हापासून ठरले. याचा परिणाम असा झाला की, "माझी चूक झाली असेल, परंतु तिला ही शिक्षा फार जड आहे" हे म्हणणे मांडण्याची जागा शिक्षेपूर्वी उरली नाही. ती उरली केवळ अपिलात.

सर्वोच्च न्यायालयाने १९८६ साली रामचंदर या रेल्वे कर्मचाऱ्याच्या प्रकरणात नेमक्या याच गोष्टीवर बोट ठेवले. बेचाळिसाव्या दुरुस्तीनंतर आपले निर्दोषत्व किंवा शिक्षेचा अवाजवीपणा पटवून देण्याची संधी कर्मचाऱ्याला अपिलातच मिळते. म्हणून अपिलीय प्राधिकाऱ्याने त्याचे म्हणणे ऐकून घ्यावे आणि सकारण आदेश द्यावा, असा त्या निर्णयाचा गाभा आहे. नियमातील शब्दांची केवळ पुनरुक्ती करून अपील फेटाळणे म्हणजे अपिलाचा विचार करणे नव्हे, हेही त्यातून स्पष्ट झाले.

याला आणखी एक कारण जोडले पाहिजे. न्यायालये विभागीय चौकशीतील पुराव्याची फेरतपासणी सहसा करीत नाहीत. १९९५ साली बी. सी. चतुर्वेदी प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने सांगितले की, न्यायिक पुनर्विलोकन हे निर्णय कोणत्या रीतीने घेतला गेला याचे असते. ते अपील नव्हे. निष्कर्षाला कोणताही पुरावा नसेल, नैसर्गिक न्यायाचा भंग झाला असेल किंवा शिक्षा सदसद्विवेकबुद्धीला धक्का देण्याइतकी विसंगत असेल, तरच न्यायालय हस्तक्षेप करते. याचा अर्थ असा की, पुरावा पुन्हा तोलून पाहण्याचा आणि शिक्षेचे माप पुन्हा ठरविण्याचा पूर्ण अधिकार असलेली जागा मुख्यतः अपिलीय प्राधिकाऱ्याची आहे. त्याने ते काम केले नाही, तर ते कदाचित कोणीच करणार नाही.

महाराष्ट्रातील नियमांची चौकट

राज्य शासनाच्या कर्मचाऱ्यांसाठी महाराष्ट्र नागरी सेवा (शिस्त व अपील) नियम, १९७९ लागू आहेत. नियम ५ मध्ये शिक्षांची वर्गवारी आहे. ठपका ठेवणे, पदोन्नती रोखणे, शासनाच्या आर्थिक नुकसानीची वसुली करणे आणि वेतनवाढ रोखणे या किरकोळ शिक्षा होत. खालच्या वेतनटप्प्यावर किंवा पदावर आणणे, सक्तीने सेवानिवृत्त करणे, सेवेतून काढून टाकणे आणि बडतर्फ करणे या मोठ्या शिक्षा होत. मोठी शिक्षा देण्यापूर्वी नियम ८ मधील सविस्तर चौकशी आवश्यक असते, तर किरकोळ शिक्षांसाठी नियम १० मध्ये संक्षिप्त कार्यपद्धती सांगितली आहे.

'सेवेतून काढून टाकणे' आणि 'बडतर्फी' या बोलण्यात एकच वाटणाऱ्या दोन शिक्षांतील भेद ध्यानात ठेवण्यासारखा आहे. काढून टाकलेल्या कर्मचाऱ्यास भावी शासकीय नोकरीची बंदी आपोआप होत नाही. बडतर्फ झालेल्यास ती सामान्यतः होते. सक्तीची सेवानिवृत्ती या दोहोंहून सौम्य आहे. म्हणून शिक्षा मोठी असावी असे ठरल्यावरही तिचे कोणते रूप निवडावयाचे, हा प्रश्न शिल्लक राहतो आणि अपिलात तो मांडता येतो.

सर्व सार्वजनिक सेवकांना मात्र हेच नियम लागू होत नाहीत. पोलीस दलातील दुय्यम कर्मचाऱ्यांसाठी मुंबई पोलीस (शिक्षा व अपिले) नियम, १९५६ आहेत. जिल्हा परिषदांच्या कर्मचाऱ्यांसाठी १९६४ चे जिल्हा सेवा (शिस्त व अपील) नियम आहेत. खाजगी शाळांतील कर्मचारी हे शासकीय कर्मचारी नव्हेत. त्यांच्यासाठी १९७७ च्या अधिनियमान्वये शाळा न्यायाधिकरणाकडे अपिलाची तरतूद आहे आणि त्याची मुदत तीस दिवसांचीच आहे. आपणास कोणते नियम लागू आहेत, हे पाहणे ही म्हणूनच पहिली पायरी होय.

अपिलाचा पाया चौकशीत

अपील कितीही कसोशीने लिहिले तरी त्याचा पाया चौकशीच्या नस्तीत असतो. चौकशीत घेतलेला आक्षेप अपिलात बळकट होतो. तेथे न घेतलेला आक्षेप मागाहून सुचलेला म्हणून दुबळा ठरतो. दोषारोपपत्र मोघम असेल तर तसे तेव्हाच लेखी कळवावे. ज्या कागदपत्रांवर व जबाबांवर आरोप आधारलेले आहेत त्यांच्या प्रती मागाव्यात. त्या नाकारल्या गेल्यास, त्यांच्याविना बचावाला कोणती बाधा आली हे नमूद करून ठेवावे. साक्षीदारांची उलटतपासणी घेणे, स्वतःचे साक्षीदार देणे आणि बचावासाठी दुसऱ्या शासकीय कर्मचाऱ्याचे साहाय्य घेणे हे कर्मचाऱ्याचे हक्क आहेत.

वकील देण्याचा हक्क सर्वसाधारणपणे नसतो. परंतु शासनपक्षाची बाजू कायद्याचे शिक्षण घेतलेला अधिकारी मांडत असेल आणि समोर एकटा कर्मचारी असेल, तर दोन्ही पारडी समान राहत नाहीत. मुंबई बंदराच्या विश्वस्त मंडळाशी संबंधित अशाच एका प्रकरणात १९८२ साली सर्वोच्च न्यायालयाने कर्मचाऱ्यास वकिलाचे साहाय्य नाकारणे नैसर्गिक न्यायाशी विसंगत असल्याचे ठरविले.

चौकशी चालू असता निलंबित कर्मचाऱ्याच्या घरची चूल पेटती राहणे हासुद्धा वाजवी संधीचाच भाग आहे. निर्वाह भत्ता न मिळाल्याने चौकशीच्या ठिकाणी जाणेच अशक्य झालेल्या कर्मचाऱ्याविरुद्धची चौकशी सर्वोच्च न्यायालयाने १९७३ साली सदोष ठरविली. महाराष्ट्रात एके काळी, न्यायालयात दोषी ठरून वरच्या न्यायालयात अपील केलेल्या निलंबित कर्मचाऱ्यास दरमहा केवळ एक रुपया निर्वाह भत्ता देण्याची तरतूद होती. ती तरतूद १९८३ साली सर्वोच्च न्यायालयाने घटनाबाह्य ठरविली. एका रुपयात कोणाचाही निर्वाह होत नाही. मग त्याला निर्वाह भत्ता म्हणण्यात अर्थ तो काय?

चौकशी संपल्यावर चौकशी अधिकाऱ्याचा अहवाल शिस्तभंगविषयक प्राधिकाऱ्याकडे जातो. चौकशी करणारा आणि शिक्षा देणारा हे निराळे असतील, तर शिक्षा देणाऱ्याने आपले मत बनविण्यापूर्वी त्या अहवालाची प्रत कर्मचाऱ्यास देणे आवश्यक आहे, असे सर्वोच्च न्यायालयाने १९९० साली मोहम्मद रमझान खान प्रकरणात सांगितले आणि १९९३ साली बी. करुणाकर प्रकरणात घटनापीठाने ते कायम केले. प्रत मिळाली नाही एवढ्याने शिक्षा आपोआप रद्द होत नाही. ती न मिळाल्यामुळे बचावाची हानी झाली हे दाखवावे लागते. ही हानी कोणती, हे अपिलात नेमक्या शब्दांत सांगणे म्हणूनच महत्त्वाचे ठरते.

अपील कसे सादर करावे

१९७९ च्या नियमांनुसार आदेशाची प्रत मिळाल्यापासून पंचेचाळीस दिवसांच्या आत अपील दाखल करावयाचे असते. विलंबास पुरेसे कारण असेल तर अपिलीय प्राधिकारी तो क्षमापित करू शकतो. परंतु त्या कृपेवर विसंबून राहणे शहाणपणाचे नाही. प्रत ज्या दिवशी मिळाली तो दिनांक पोचपावतीवर नोंदवावा आणि त्या दिवसापासून मुदत मोजावी.

अपील प्रत्येकाने स्वतंत्रपणे व स्वतःच्या नावाने करावयाचे असते. ते अपिलीय प्राधिकाऱ्यास उद्देशून लिहावे आणि त्याची प्रत शिक्षेचा आदेश देणाऱ्या प्राधिकाऱ्याकडेही द्यावी. ज्या विधानांवर व युक्तिवादांवर भिस्त आहे ती सर्व त्यात यावीत. ते स्वयंपूर्ण असावे. अनादरयुक्त किंवा अनुचित भाषा नियमांनीच वर्ज्य केली आहे. संतापाने लिहिलेल्या दहा पानांपेक्षा पुराव्याच्या पानांचा उल्लेख करून लिहिलेली चार पाने अधिक परिणामकारक ठरतात. वरिष्ठ आपल्यावर डूख धरून होते असे मोघम म्हणण्याऐवजी कोणत्या दिनांकास, कोणत्या कागदावरून तसे दिसते हे सांगावे. सांगता येत नसेल तर तो मुद्दा सोडून द्यावा.

मांडणीचा सोपा क्रम असा ठेवता येईल : आधी प्रकरणाची हकीकत दिनांकवार, मग कार्यपद्धतीतील उणिवा व त्यांमुळे झालेली हानी, नंतर प्रत्येक आरोपावरील पुराव्याचे स्वतंत्र परीक्षण, आणि शेवटी शिक्षेच्या प्रमाणाविषयीचे म्हणणे. या शेवटच्या भागात सेवेचा काळ, पूर्वीची नोंद, झालेल्या नुकसानीचे स्वरूप आणि त्याच घटनेत इतरांना झालेली शिक्षा यांचा उल्लेख यावा. आपण निर्दोष आहोत असे म्हणणारा कर्मचारी शिक्षेविषयी बोलावयास कचरतो. त्याला तो कबुलीजबाब वाटतो. वस्तुतः "आरोप अमान्य आहेतच, परंतु ते सिद्ध मानले तरी" अशी मांडणी कायद्याला पूर्णपणे मान्य आहे. ती न केल्यास शिक्षेविरुद्ध बोलण्याची संधीच वाया जाते. प्रत्यक्ष सुनावणीची विनंतीही अपिलातच लेखी करावी.

अपिलीय प्राधिकाऱ्यापुढील तीन प्रश्न

अपील हाती आल्यावर वरिष्ठ अधिकाऱ्याने काय पाहावयाचे, हे नियमांनी त्याच्या मर्जीवर सोडलेले नाही. तीन प्रश्नांचा विचार त्याला करावाच लागतो. विहित कार्यपद्धती पाळली गेली काय, आणि नसल्यास त्यामुळे संविधानातील तरतुदींचा भंग किंवा न्यायाची हानी झाली काय? निष्कर्षांना नस्तीतील पुराव्याचा आधार आहे काय? दिलेली शिक्षा पुरेशी, अपुरी की कठोर आहे? या विचारानंतर तो शिक्षा कायम करू शकतो, कमी करू शकतो, रद्द करू शकतो किंवा प्रकरण फेरविचारार्थ परत पाठवू शकतो. शिक्षा वाढविण्याचाही अधिकार त्याला आहे. मात्र तसे करण्यापूर्वी कर्मचाऱ्याला आपले म्हणणे मांडण्याची वाजवी संधी द्यावी लागते.

हे तीन प्रश्न विचारणारी व्यक्ती मूळ निर्णयापासून अलिप्त असली पाहिजे, हे ओघाने येतेच. ज्या अधिकाऱ्याने शिक्षा दिली तोच पुढे बढती मिळून अपिलाच्या खुर्चीवर आला, तर ते अपील त्याने न ऐकता वरिष्ठाकडे पाठविले पाहिजे. आपल्याच निर्णयाची परीक्षा आपणच घेऊ नये, हे नैसर्गिक न्यायाचे आद्य सूत्र होय.

एका ओळीचा आदेश

अपिलाचे रूपांतर उपचारात कसे होते, हे एका कल्पित उदाहरणाने स्पष्ट करता येईल. तालुक्याच्या एका कार्यालयातील रोखपालावर तीन आरोप ठेवण्यात आले, असे समजू. चार हजार रुपयांचा भरणा कोषागारात पाच दिवस उशिरा केला, रोखवहीत त्याच दिवशी नोंद केली नाही आणि ती रक्कम मधल्या काळात स्वतःसाठी वापरली. पहिले दोन आरोप वहीवरूनच सिद्ध झाले. तिसऱ्या आरोपाचा आधार एका सहकाऱ्याचा प्राथमिक चौकशीतील जबाब होता. परंतु त्या सहकाऱ्यास चौकशीत साक्षीसाठी बोलाविलेच नाही. तरीही तिन्ही आरोप सिद्ध मानून रोखपालास बडतर्फ करण्यात आले. त्याने अपील केले. काही महिन्यांनी उत्तर आले : "अपील अर्जातील मुद्द्यांत तथ्य आढळून येत नाही, सबब अपील फेटाळण्यात येत आहे."

या आदेशात चूक काय? ओळ एकच असली तरी तिच्यात निर्णय आहे. नाही तो निर्णयाचा मार्ग. तीन प्रश्नांपैकी एकही विचारला गेल्याची खूण त्यात नाही. रोखपालाला आपले म्हणणे कोठे कमी पडले हे कळत नाही आणि हे प्रकरण पुढे न्यायाधिकरणात गेले तर शासनाच्या वकिलालाही आदेशाचे समर्थन करण्यासाठी हाती काही लागत नाही.

तोच विचार रीतसर झाला असता तर आदेश निराळा दिसला असता. जबाब देणाऱ्याची उलटतपासणी न झाल्याने तिसरा आरोप पुराव्याअभावी गळून पडतो, असे त्यात म्हटले गेले असते. पहिले दोन आरोप सिद्ध आहेत, रोखपालाच्या पदाला असा निष्काळजीपणा न शोभणारा आहे, तथापि रक्कम पूर्ण भरली गेली आहे आणि अपहाराचा हेतू शाबीत नाही, म्हणून बडतर्फीऐवजी वेतनवाढ रोखण्याची शिक्षा पुरेशी होईल, असा निष्कर्ष त्यात निघाला असता. सहकाऱ्याची साक्ष होऊन ती उलटतपासणीत टिकली असती, तर बडतर्फी कायमही झाली असती आणि तो आदेशही तितकाच न्याय्य ठरला असता. न्याय्य अपील म्हणजे कर्मचाऱ्याच्या बाजूने लागणारे अपील नव्हे. ज्यात त्याच्या प्रत्येक मुद्द्याला कारणासह उत्तर मिळते ते न्याय्य अपील होय.

चौकशीविना बडतर्फी झाली तर

काही प्रसंगी संविधानानेच चौकशीला फाटा दिला आहे. फौजदारी आरोपावरून दोषसिद्धी झाली असेल, चौकशी करणे वाजवीरीत्या व्यवहार्य नसेल आणि त्याची कारणे लेखी नमूद केली असतील, किंवा राज्याच्या सुरक्षिततेच्या हितासाठी चौकशी करणे इष्ट नाही अशी राष्ट्रपतींची अथवा राज्यपालांची खात्री झाली असेल, तर अनुच्छेद ३११ मधील चौकशीची अट लागू होत नाही. १९८५ साली तुलसीराम पटेल प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाच्या घटनापीठाने हे अपवाद वैध ठरविले.

मात्र त्याच निर्णयात अपिलाचे महत्त्व अधोरेखित झाले आहे, याकडे अनेकदा दुर्लक्ष होते. चौकशी अव्यवहार्य म्हणून टाळली गेली असेल, तर कर्मचारी अपिलात ती चौकशी आता घ्यावी अशी मागणी करू शकतो. कारण बडतर्फीच्या वेळी असलेली परिस्थिती अपिलाच्या वेळी निवळलेली असू शकते. दोषसिद्धीच्या आधारे झालेल्या बडतर्फीतही गुन्ह्याचे स्वरूप आणि शिक्षेचे प्रमाण यांचा मेळ बसतो किंवा नाही, हे अपिलात पाहता येते. ज्याला आधी काहीच बोलता आले नाही, त्याच्यासाठी अपील हे आपले म्हणणे मांडण्याचे पहिलेच व्यासपीठ असते. तेथे तरी त्याला पूर्णपणे ऐकून घेणे हे कर्तव्यच ठरते.

अपिलानंतरची वाट

अपील फेटाळले गेले किंवा ते अनिर्णित पडून राहिले, तर पुढची पायरी प्रशासकीय न्यायाधिकरणाची. बेचाळिसाव्या घटनादुरुस्तीने संविधानात अनुच्छेद ३२३ क घातला गेला, १९८५ साली प्रशासकीय न्यायाधिकरण अधिनियम झाला आणि त्यानुसार १९९१ साली महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरण स्थापन झाले. मुंबईप्रमाणेच नागपूर व औरंगाबाद, म्हणजे आताचे छत्रपती संभाजीनगर, येथे त्याची खंडपीठे आहेत.

या अधिनियमाने अपिलालाच दाराची किल्ली केले आहे. उपलब्ध असलेले विभागीय उपाय योजल्याविना न्यायाधिकरण सामान्यतः अर्ज दाखल करून घेत नाही. परंतु अपिलावर सहा महिन्यांत निर्णय झाला नाही, तर कर्मचाऱ्यास वाट पाहत बसण्याची गरज उरत नाही. त्या सहा महिन्यांनंतर एक वर्षाच्या आत तो न्यायाधिकरणाकडे जाऊ शकतो. निर्णय झाला असेल, तर त्या निर्णयापासून एक वर्षाची मुदत असते. येथे एका सामान्य चुकीपासून सावध राहिले पाहिजे. अपील फेटाळले गेल्यावर पुनःपुन्हा विनंती-अर्ज करीत राहिल्याने मुदत वाढत नाही, असे सर्वोच्च न्यायालयाने १९८९ सालीच स्पष्ट केले आहे. आशेवर काढलेली वर्षे अशा वेळी हक्कच बुडवून टाकतात.

न्यायाधिकरणाच्या निर्णयावर उच्च न्यायालयाच्या द्विसदस्यीय खंडपीठाकडे दाद मागता येते, हे १९९७ साली एल. चंद्रकुमार प्रकरणात निश्चित झाले.

अन्यायाने नोकरी गेली आणि ती पुढे परत मिळाली, तरी मधल्या काळातील वेतनाचा प्रश्न राहतोच. महाराष्ट्रातील एका शिक्षिकेच्या प्रकरणात २०१३ साली सर्वोच्च न्यायालयाने असे म्हटले आहे की, बडतर्फी बेकायदा ठरल्यास सेवेच्या सातत्यासह मागील वेतन देणे हाच सामान्य नियम होय. मात्र मधल्या काळात कर्मचारी अन्यत्र नोकरीस होता काय, यासारख्या गोष्टी विचारात घ्याव्यात. यातून प्रशासनालाही एक व्यावहारिक धडा मिळतो. चुकीचा आदेश अपिलातच वेळेवर दुरुस्त झाला, तर हानी काही महिन्यांच्या वेतनाची असते; तो दहा वर्षांनी न्यायालयात दुरुस्त झाला, तर काम न घेता दहा वर्षांचे वेतन द्यावे लागते आणि त्याचा भार शेवटी करदात्यावरच पडतो.

शिस्त आणि न्याय

शिस्त आणि न्याय या एकमेकींना छेद देणाऱ्या गोष्टी आहेत, असा समज कार्यालयांतून अधूनमधून आढळतो. कनिष्ठाने दिलेली शिक्षा वरिष्ठाने बदलली तर कनिष्ठाचा दरारा जातो, असेही म्हटले जाते. अनुभव मात्र याच्या उलट आहे. नियम मोडून दिलेली शिक्षा न्यायालयात रद्द होते आणि खरोखर दोषी असलेला कर्मचारीही कार्यपद्धतीतील त्रुटीच्या आधाराने ताठ मानेने परत येतो. शिस्तीची याहून मोठी हानी दुसरी नाही. नियमाने दिलेली आणि अपिलात तावूनसुलाखून निघालेली शिक्षा मात्र टिकते आणि ती इतरांनाही पटते.

अपिलाची नस्ती टेबलावर येते तेव्हा ती इतर नस्त्यांसारखीच दिसते. तिच्या आत एका माणसाची सारी सेवा बांधलेली असते आणि शिक्षेविषयी त्याला जे सांगावयाचे आहे ते सांगण्याची त्याची बहुधा ती शेवटची जागा असते. कर्मचाऱ्याने मुदतीत आणि पुराव्यानिशी बोलावे, अधिकाऱ्याने ते वाचावे, शक्य तेथे त्याला समोर बसवून ऐकावे आणि जो काही निर्णय होईल तो कारणांसह लिहावा. चार-दोन परिच्छेदांच्या अशा आदेशाला अधिकाऱ्याची फार तर एक दुपार लागेल. परंतु त्याच्या पानावर त्या माणसाची उरलेली वर्षे अवलंबून असतात.